तंबू चोरीला गेला? बोट दाखवण्याआधी वही उघडा



जंगल कॅम्पिंगच्या व्यवसायावरचा व्हिडिओ टाकल्यापासून मला एकच प्रश्न सगळ्यात जास्त विचारला जातोय. "ताई, तंबू, स्लीपिंग बॅग, दिवे, शेगडी, एवढा माल गावाबाहेर शेतात ठेवायचा. चोरी झाली तर?" कोणी मूलहून विचारतं, कोणी चिमूरहून, कोणी आलापल्लीहून. प्रश्न अगदी रास्त आहे. तुम्ही कर्ज काढून दहा तंबू घेतले आणि एका रात्रीत तीन गेले, तर हप्ता कुठून भरणार?

त्या व्हिडिओत मी दोन मिनिटांत उत्तर दिलं होतं. पेटी घ्या, कुलूप लावा, राखणदार ठेवा. ते उत्तर चुकीचं नव्हतं, पण अर्धवट होतं. आज पूर्ण सांगते. त्यात माझी एक चूकही आहे, जी मी कॅमेऱ्यासमोर सांगायचं टाळलं होतं.

आधी माझं मत सरळ सांगून टाकते. जंगलाजवळच्या कॅम्पवर आपण ज्याला चोरी म्हणतो, त्यातलं बरंचसं न मोजल्यामुळे हरवलेलं असतं. आणि जी खरी चोरी असते, ती गावाची कमाई त्या कॅम्पात असेल तरच थांबते. कुलूप तिसऱ्या नंबरवर येतं.

माझी चूक

चार वर्षांपूर्वीची गोष्ट. चंद्रपुरात माझं बॅगा, रेनकोट, टॉर्च यांचं दुकान होतंच. बीबीए करताना शिकले होते की पडून असलेला माल फिरवला पाहिजे. म्हणून तंबू आणि स्लीपिंग बॅगा भाड्याने द्यायला सुरुवात केली. ताडोबाच्या बफरजवळच्या एका गावातल्या काकांचं शेत धान निघाल्यावर रिकामं असायचं. ते मी हंगामापुरतं घेतलं. गावातलाच एक वीस वर्षांचा मुलगा सामान राखायला, आणि त्याची आई स्वयंपाकाला.

जानेवारीत नागपूरचा 28 जणांचा ग्रुप आला. 14 तंबू, दोन रात्री. तिसऱ्या दिवशी सामान टेम्पोत भरताना लक्षात आलं, तीन स्लीपिंग बॅगा नाहीत, चार हेडलॅम्प नाहीत, आणि एका तंबूच्या काड्यांची पिशवी नाही. साधारण 7,500 रुपयांचा माल.

मी त्या मुलाला सगळ्यांसमोर विचारलं, "रात्री इथे तूच होता ना?" विचारलं असं आज म्हणते, पण तो आरोप होता. त्याला कळलं, त्याच्या आईला कळलं, उभ्या असलेल्या प्रत्येकाला कळलं.

शेताचे मालक काका शांतपणे म्हणाले, "ताई, आणताना मोजून आणले होते का जी? अन् काल रातच्याला मोजले होते का?"

माझ्याकडे उत्तर नव्हतं. टेम्पो भरताना मी "अंदाजे तीस बॅगा टाक" असं सांगितलं होतं. कागदावर काहीच नव्हतं.

आठ दिवसांनी त्याच ग्रुपमधल्या एका गृहस्थांचा फोन आला. त्यांच्या सामानात दोन स्लीपिंग बॅगा चुकून गेल्या होत्या. काड्यांची पिशवी माझ्याच गोदामात दुसऱ्या तंबूच्या गुंडाळीत सापडली. एक बॅग आणि चार हेडलॅम्प मात्र आजवर मिळाले नाहीत. म्हणजे खरं नुकसान 3,500 रुपये. तेही कोणी नेलं, मला माहीत नाही.

मी गावात माफी मागायला गेले. त्या मुलाच्या आईने चहा दिला. मुलगा दारात उभा राहून "ठीक आहे ताई" एवढंच म्हणाला आणि आत गेला. त्यानंतर तो माझ्याकडे कधी कामाला आला नाही. पुढच्या हंगामात काकांनी शेत दिलं नाही. म्हणाले, "शेत द्याले काही नाही, पण तुमच्याकडे कामाले पोरं येत नाही म्हणते." माझ्या हातात सहा बुकिंग होत्या. सगळ्यांचे ॲडव्हान्स परत केले.

3,500 च्या मालापायी मी जागा गमावली, माणसं गमावली, पुढचं वर्ष गमावलं. आणि त्या पोराने काय गमावलं, त्याचा तर हिशोबच नाही. गावात एकदा चोर म्हणून नाव निघालं की ते पुसायला किती वर्षं लागतात, हे लहान गावात राहिलेल्या माणसाला सांगायला नको.

पहिलं बोट गावाकडेच का जातं?

कारण ते सोपं असतं. शहरातून आलेला पाहुणा पैसे देतो, म्हणून तो प्रामाणिक. आपला टेम्पोवाला ओळखीचा, म्हणून तो प्रामाणिक. उरला तो शेजारच्या पाड्यातला माणूस.

आता थोडं मागे बघा. ऑगस्ट 2023 मध्ये ताडोबाच्या ऑनलाइन सफारी बुकिंगमध्ये 12 कोटींहून जास्त रकमेच्या फसवणुकीची तक्रार वनविभागाने चंद्रपुरात पोलिसांकडे केली आणि गुन्हा नोंदला गेला. आरोप बुकिंगचं कंत्राट असलेल्या कंपनीच्या चालकांवर होता. दोषी कोण, ते कोर्ट ठरवेल. माझा मुद्दा एवढाच आहे की ताडोबाच्या पर्यटनात ज्या सगळ्यात मोठ्या रकमेची चर्चा झाली, तिच्याशी झोपडीतल्या माणसाचा काही संबंध नव्हता. तो वाद हिशोबाचा होता.

तुमच्या कॅम्पवरून माल जाण्याच्या वाटा मी माझ्या अनुभवावरून अशा मांडते:

एक, पाहुण्यांच्या सामानात चुकून किंवा जाणूनबुजून जाणारा माल. दोन, भरताना-उतरवताना आपल्याच माणसांकडून राहून गेलेला. तीन, जनावरं. माकडं खाऊच्या वासाने पिशवीच उचलतात, कुत्री आणि कोल्हे तंबूबाहेरचा बूट ओढून नेतात. चार, रस्त्याने जाणारा-येणारा. पाच, गावातला माणूस.

गावातली सगळी माणसं देव आहेत असं मी म्हणत नाही. ताडपत्री, नायलॉनचा दोर, सोलर दिवा, बॅटरी, गॅस सिलिंडर या वस्तू खरंच चोरीला जातात, कारण त्या घरात कामाला येतात आणि कुठल्याही बाजारात विकल्या जातात. पण चंद्रपूरच्या बाजारातल्या माझ्या दुकानातूनही टॉर्च गायब होतात. तेव्हा मी अख्ख्या मोहल्ल्याला चोर म्हणत नाही. मी स्टॉक मोजते. मग जंगलात गेल्यावर आपण मोजणं का सोडतो?

तेंदूच्या फळीवर जाऊन बघा

या प्रश्नाचं उत्तर शोधायला मला कुठल्या कोर्सला जावं लागलं नाही. ते आपल्याच जिल्ह्यात दर मे महिन्यात उघड्यावर पसरलेलं असतं.

तेंदूपत्त्याचा हंगाम आठवा. पहाटे बायामाणसं जंगलात जातात, पानं तोडतात, घरी बसून पुडके बांधतात. आपल्याकडे एका पुडक्यात 70 पानं, आणि हजार पुडक्यांचं एक प्रमाण बोरं. संध्याकाळी पुडके फळीवर येतात. तिथे ते मोजले जातात, संकलन करणाऱ्याच्या नावावर आणि कार्डावर लिहिले जातात, आणि मग उन्हात वाळायला रांगेने मांडले जातात. गडचिरोलीत तर आता बऱ्याच ग्रामसभा तेंदूचा लिलाव स्वतःच करतात. लाखोंचा माल कित्येक दिवस उघड्या मैदानावर असतो. भिंत नाही, फाटक नाही.

तो कसा टिकतो? माझ्या मते तीन कारणं. माल रोज मोजला जातो. तो ओळींमध्ये मांडलेला असतो, त्यामुळे कमी झाला तर डोळ्याला दिसतो. आणि त्या ढिगात जवळजवळ प्रत्येक घराची मजुरी असते, त्यामुळे राखणदार एक नसतो, अख्खं गाव असतं.

माझ्या त्या शेतात यातलं एकही नव्हतं. मोजणी नव्हती. माल कोपऱ्यात ढीग करून ठेवला होता. आणि गावाचा त्यात वाटा होता तो दोन माणसांच्या रोजीपुरता.

मग मी काय बदललं?

आता दुसऱ्या गावात काम करते. पद्धत अशी आहे.

पहिली गोष्ट, प्रत्येक वस्तूवर नंबर. तंबू 1 ते 14, त्याच नंबरच्या काड्या, त्याच नंबरचे खुंटे. पक्क्या मार्करने आतल्या बाजूला नंबर आणि दुकानाचं नाव. स्लीपिंग बॅगेला भडक रंगाची पट्टी शिवलेली. असा माल विकायला अवघड जातो, आणि पाहुण्याच्या सामानात गेला तरी ओळखू येतो.

दुसरी, चार वेळा मोजणी. गोदामातून निघताना, शेतात उतरवताना, रोज संध्याकाळी अंधार पडण्याआधी, आणि परत भरताना. वहीत दोन सह्या, एक देणाऱ्याची, एक घेणाऱ्याची. सुरुवातीला कंटाळा येतो. नंतर 14 तंबूंना वीस मिनिटं लागतात.

तिसरी, पाहुण्यांकडून डिपॉझिट, आणि त्यांच्या तंबूतल्या सामानाची यादी त्यांच्याच सहीने. निघताना यादी टॅली झाली की डिपॉझिट परत. याला कोणी नाराज होत नाही, हॉटेलात खोली सोडताना जे होतं तेच हे. नाराज झालाच, तर तो गिऱ्हाईक मला नको.

चौथी, आणि माझ्या मते सगळ्यात महत्त्वाची. राखणदार ठेवायचा नाही, भागीदार ठेवायचा. ताडोबाच्या मोहर्ली, कोलारा अशा गेटांवर बघा, गाईड आजूबाजूच्या गावांतलेच असतात, कित्येक जिप्सीही गावातल्या लोकांच्या असतात. पर्यटक सुखरूप परत यावा यात त्यांचं स्वतःचं हित असतं. तेच आपल्या कॅम्पला लागू करा. मी सामानाची जबाबदारी गावातल्या बचत गटाला दिली आहे. रोजीचे पैसे वेगळे, आणि प्रत्येक पाहुण्यामागे ठरलेली रक्कम गटाच्या खात्यात वेगळी. जितके पाहुणे जास्त, तितका गटाचा वाटा जास्त. तंबू गेला तर पुढची बुकिंग जाते, हे मला कोणाला समजावून सांगावं लागत नाही.

इथे एक सांगते, माल कमी आला म्हणून कोणाच्या मजुरीतून कापू नका. मजुरी ही केलेल्या कामाची असते. ज्या दिवशी तुम्ही 300 रुपये कापता, त्या दिवसापासून तो माणूस तुमचा माल राखत नाही, तो स्वतःला राखतो. उलट हंगामाच्या शेवटी मोजणी जुळली तर बक्षीस द्या.

सामान राखायला माणसाला उघड्यावर बसवू नका

हे मी वेगळं लिहिते, कारण आपल्या जिल्ह्यांचं जंगल म्हणजे पवना किंवा भंडारदऱ्याचा काठ नाही. चंद्रपुरात वाघ फक्त ताडोबाच्या हद्दीत राहत नाहीत. ब्रह्मपुरी, सिंदेवाही, मूल या भागात ते शेताच्या बांधापर्यंत येतात. गडचिरोलीत 2021 पासून जंगली हत्तींचा कळपही आलेला आहे. बिबट आणि अस्वल तर जुनेच शेजारी.

तंबू चोरीला जाऊ नये म्हणून रात्रभर एकट्या पोराला शेकोटीजवळ बसवणं, हा हिशोबच चुकीचा आहे. मी तेच केलं होतं, आणि वर त्याच्यावर आरोपही केला. आता रात्री रिकामा माल गावातल्या पक्क्या खोलीत जातो. त्या खोलीचं भाडं देते. वापरात असलेले तंबू कुंपणाच्या आत, घराजवळ. 3,500 चा माल गेला तर परत घेता येतो.

आणि परवानगीशिवाय जंगलात तंबू टाकायचा विचारही करू नका. अभयारण्यात शिरायला, राहायला परवाना लागतो, 1972 च्या वन्यजीव कायद्यात ते स्पष्ट आहे. खासगी शेत असलं तरी वनविभागाला, ग्रामपंचायतीला आणि जवळच्या पोलीस ठाण्याला लेखी कळवून ठेवा. गडचिरोलीच्या आतल्या भागात, भामरागड, एटापल्लीकडे काम करणार असाल तर हे अजिबात टाळू नका. उद्या चोरी झाली आणि तुमचा कॅम्पच बेकायदा असेल, तर तक्रार घेऊन कोणत्या तोंडाने जाणार?

कायदा आणि विमा, थोडक्यात

खरी चोरी झाली तर गप्प बसायचं नाही. 1 जुलै 2024 पासून भारतीय न्याय संहिता लागू आहे. साध्या चोरीला कलम 303. पण राहण्यासाठी किंवा माल ठेवण्यासाठी वापरात असलेल्या इमारतीतून, तंबूतून किंवा जहाजातून चोरी झाली तर कलम 305, त्यात सात वर्षांपर्यंत शिक्षा आहे. हो, कायद्यात "तंबू" हा शब्द खरोखर आहे. 1860 च्या जुन्या दंड संहितेतही होता. त्यामुळे "कापडाच्या खोलीला कोण विचारतंय" असं समजू नका.

तक्रार कुठल्याही पोलीस ठाण्यात देता येते, हद्दीचा प्रश्न नंतर सुटतो. ऑनलाइन पाठवली तर तीन दिवसांत जाऊन सही करावी लागते. पण ठाण्यात पहिला प्रश्न काय असतो माहितीये? "नेमकं काय गेलं, किती गेलं, बिल आहे का?" म्हणजे परत वहीच. तक्रारीत संशयित म्हणून नाव लिहिण्याआधी दहा वेळा विचार करा. काय गेलं ते खात्रीने लिहा. कोणी नेलं ते शोधणं पोलिसांचं काम आहे.

विम्याचंही तसंच. साधारण घरफोडीच्या पॉलिसीत कुलूप किंवा दार तोडून आत शिरल्याचा पुरावा लागतो. शेतातल्या तंबूला दारच नाही. म्हणून एजंटला तोंडी विचारू नका. उघड्यावरचा, भाड्याने दिलेला माल कव्हर होतो की नाही ते लेखी घ्या, मगच हप्ता भरा.

पाहुण्याची वस्तू गेली तर? "सामानाची जबाबदारी मालकाची नाही" अशी पाटी लावली की आपण सुटलो, असं बऱ्याच जणांना वाटतं. दिल्लीतल्या एका मोठ्या हॉटेलात पार्किंगला दिलेली गाडी चोरीला गेली होती. कुपनावर "जबाबदारी ग्राहकाची" असं छापलेलं होतं. 2019 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने हॉटेललाच जबाबदार धरलं. तुम्ही वस्तू ताब्यात घेतली की काळजी घेणं आलंच. म्हणून पाहुण्यांच्या मौल्यवान वस्तूंसाठी एक कुलूपबंद पेटी ठेवा, आणि तिचीही नोंद वहीत करा.

थोडी घट किमतीतच धरा

एवढं सगळं करूनही काही माल जाणारच. किराणा दुकानदार घट धरूनच भाव लावतो, मग आपण का नाही?

समजा दहा सेट आहेत, एका सेटला 5,000 रुपये, एकूण 50,000. हंगामात 60 रात्री, दर रात्री सरासरी सहा सेट भाड्याने गेले, म्हणजे 360 भाडी. प्रत्येक भाड्यात घटीसाठी 15 रुपये धरले तर 5,400 रुपये जमतात. म्हणजे एक पूर्ण सेट गेला तरी तुमच्या खिशाला झळ नाही. 300 रुपयांच्या भाड्यात 15 रुपये पाहुण्याला जाणवतही नाहीत.

याचा खरा फायदा पैशाचा नाही. घट आधीच धरलेली असली की एखादी बॅग कमी दिसल्यावर डोकं तापत नाही. माझं डोकं त्या दिवशी तापलं, कारण 7,500 रुपये माझ्या खिशातून जाणार होते. ते आधीच बाजूला काढलेले असते, तर कदाचित मी आधी मोजलं असतं आणि नंतर बोलले असते.

काही जण म्हणतील, ताई, तुम्ही फार भावनिक होता, धंद्यात विश्वास ठेवून चालत नाही. मी नुसत्या विश्वासावर चाला असं सांगतच नाहीये. मी तर चार वेळा मोजायला सांगतेय. वही असली की कोणावर आंधळा विश्वास ठेवावा लागत नाही, आणि कोणावर आंधळा संशयही घ्यावा लागत नाही. आपल्या जंगलात कॅम्पचा धंदा करायचा तर गाव सोबत हवंच. पाणी त्यांचं, शेत त्यांचं, वाट त्यांना माहीत, आणि रात्री काही झालं तर धावून येणारे तेच.

तो मुलगा आता एका रिसॉर्टवर गाडी चालवतो असं ऐकलं. मध्ये एकदा मोहर्लीच्या रस्त्यावर समोरून गेला. त्याने हात केला नाही, मीही थांबवलं नाही. ते मला करता आलं असतं.

तुम्ही हा धंदा सुरू करणार असाल तर तंबू घेण्याआधी 60 रुपयांची एक वही घ्या. पहिल्या पानावर वस्तू, नंबर, खरेदीची तारीख, किंमत. दुसऱ्या पानापासून मोजणी. माझ्या वहीचा नमुना पुढच्या व्हिडिओत पान उघडून दाखवते, बचत गटासोबतचा करारनामा कसा लिहायचा तेही सांगते. तोवर ज्यांच्याकडे आधीच माल आहे, त्यांनी आज रात्री गोदामात जाऊन एकदा मोजून घ्या. किती निघाला ते मला कळवा. कमी निघाला तर कोणाला फोन लावण्याआधी सगळे तंबू एकदा उलगडून बघा.